सेल्फ हेल्पवाल्या बाई

ब्रेकअपवर पुस्तकं लिहिणाऱ्या बाईची ओळख करून दिली की लोक आधी तिच्या गळ्याकडे बघतात. मंगळसूत्र दिसलं की गोंधळतात. मग हळूच विचारतात, "म्हणजे तुमचं स्वतःचं... लग्नाआधी कुठं...?" नाही हो, कुठंही नाही. एकाच नवऱ्याबरोबर संसार केला, तोही कांदेपोहे खाऊन ठरलेला. मग अनुभव नसताना लिहिता कशा? त्यावर मी विचारते, काविळीच्या डॉक्टरला आधी कावीळ व्हावी लागते का? आणि विषय बदलते.

आमच्या ह्यांचं मत वेगळं आहे. "हिनं अर्ध्या जिल्ह्याची लफडी निस्तरली, पण शेगडीवरचं दूध उतू जातंय ते हिला दिसत नाही," असं ते आल्यागेल्याला सांगतात. यातलं दुधाचं खरं आहे.

माझी नोकरी नगरला लग्नपत्रिका छापणाऱ्या एका प्रेसमध्ये होती. काउंटरवर बसायचं, मजकूर घ्यायचा, प्रुफं तपासायची. कुठल्या मामाचं नाव वर आणि कुठल्या काकाचं खाली, यावरून होणारी भांडणं मिटवायची. लोकांना वाटतं, अशा ठिकाणी सगळा आनंदीआनंद. पण पत्रिका छापायला टाकल्यावर लग्न मोडलं, तर भावकीच्या आधी आम्हाला कळायचं, कारण मशीन थांबवायचं असायचं. बाप यायचा नाही, त्याला तोंड दाखवायची लाज. भाऊ यायचा, नाहीतर कधी मुलगी स्वतः. "छापू नका" एवढं म्हणायची आणि काउंटरसमोरच्या स्टुलावर बसून घ्यायची. घरी रडायची सोय नाही, रस्त्यात रडावं तर गाव बघतंय. आमच्या दुकानात मात्र कुणी शंका घ्यायचं नाही. बाकीच्या गिऱ्हाइकांना वाटायचं, माहेर सुटणार म्हणून रडतेय पोर.

मी चहा मागवायची आणि ऐकायची. ऐकून ऐकून बोलायला लागले, आणि बोलून बोलून माझं एक ठरलेलं भाषण तयार झालं. प्रेसचे मालक एकदा वैतागून म्हणाले, "बाई, रोज तेच सांगता, एकदा लिहून द्या. कागद आपलाच, मशीन आपलं. छापून वाटून टाकू, म्हणजे काउंटर तरी मोकळं राहील." माझ्या पहिल्या पुस्तकाची, 'मोडलं तर मोडलं'ची, जन्मकथा ही अशी. प्रतिभा वगैरे काही नाही, काउंटर मोकळं करायचं होतं. पुढे पुण्याच्या प्रकाशकानं ते उचललं. त्यानंतर 'फोन उचलू नका' आलं, आणि सगळ्यात जास्त खपलेलं 'त्याच्या लग्नाला जावं का?'. (जाऊ नये. पण हे एका ओळीत सांगितलं तर पुस्तक कोण घेणार?)

बाहेरच्या माणसाला हा धंदा सोपा वाटतो. चार गोड वाक्यं लिहायची, वर फुलपाखराचं चित्र टाकायचं. पण पहिली अडचण शब्दाचीच. ब्रेकअपला मराठी शब्द काय? प्रकाशक म्हणाले, प्रेमभंग. मी म्हटलं, राहुरी तालुक्यातला कुठला पोरगा कट्ट्यावर बसून 'मित्रा, माझा प्रेमभंग झाला' म्हणतो, ते मला दाखवा. आमच्याकडे फिसकटतं, बिनसतं, वाजतं. 'तिनं टांग दिली' म्हणतात. काडीमोड आहे, पण ती लग्नानंतरची. शेवटी मी 'मोडलं' धरलं, कारण स्टुलावर बसणाऱ्या मुली तोच शब्द वापरायच्या.

दुसरी गोष्ट लांबीची. रडणारा माणूस चार पानांच्या वर वाचू शकत नाही, म्हणून प्रकरण चार पानांचं. टाईप मोठा. प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी एक पान कोरं, शिव्या लिहायला. प्रकाशकाला हा कागदाचा नास वाटला. पण लोक पुस्तक विकत घेतात ते बहुतेक त्या कोऱ्या पानासाठीच, असा माझा संशय आहे.

आणि मुखपृष्ठ. बदाम नको, फुटका बदाम तर अजिबात नको. असलं पुस्तक घरात सापडलं तर पोरीचं कॉलेज बंद होईल. साधं, स्पर्धापरीक्षेच्या गाईडसारखं दिसायला पाहिजे. शिर्डीला एक हारप्रसादाचा स्टॉलवाला माझी पुस्तकं ठेवायचा, पेढ्यांच्या बॉक्सशेजारी. तो म्हणाला होता, "ताई, इथं नवस बोलायला येतात तसे विसरायला पण येतात. पोरं एकटी आली अन् हार न घेता नुसती उभी राहिली, की मी पुस्तक पुढं करतो." त्याची नजर फार पक्की होती. मला असला विक्रेता पुन्हा मिळाला नाही.

पुस्तकात माझा फोन नंबर छापला, हे हात दाखवून अवलक्षण. पण त्या फोनांवरच मी शिकले. देवळाली प्रवराचा एक मुलगा होता. म्हणाला, "मॅडम, तुमच्या सांगण्यावरून तिचा नंबर डिलीट केला. पण तो पाठ हाय. पाठ असलेला कसा डिलीट करायचा?"  मी म्हटलं, त्याच्या जागी दुसरा काहीतरी आकडा पाठ कर, स्वतःचा आधार नंबर कर. महिन्यानं त्याचा फोन. "मॅडम, आता दोन्ही पाठ झालं."

त्याच भागातली एक मुलगी. रोज सकाळी घरचं दूध घेऊन डेअरीत जायची, आणि तिथं फॅट लावायला, म्हणजे दूध तपासून भाव ठरवायला, बसलेला मुलगा म्हणजेच तो. मोडल्यानंतर पुस्तकात लिहिल्याप्रमाणं तिनं बोलणं बंद केलं. आणि फोनवर मला म्हणते, "ताई, बोलणं बंद केल्यापासून आमच्या दुधाला फॅट कमी लागतंय." मी हसले, तर ती रडायला लागली. घरात आई विचारत होती, गाईला काय झालं? पोरगी काय सांगणार, की गाय बरी आहे, माझंच बिनसलंय! मी तिला म्हटलं, उद्या रांगेत सगळ्यांसमोर मोठ्यानं विचार, 'आकडा किती आला, पुन्हा लावून दाखवा.' तिनं विचारलं. फॅट जागेवर आलं. पुढच्या आवृत्तीत मी 'रोज दिसणारा माणूस' हे नवीन प्रकरण घातलं. 'भेटणं टाळा' हे शहरातल्या पुस्तकांना ठीक आहे. आमच्याकडे तो डेअरीत असतो, बांधावर असतो, गावच्या सप्त्यात पंगतीला वाढतो.

या धंद्याचं एक वाईट आहे. बरं झालेलं गिऱ्हाईक परत येत नाही. लग्न जुळवणाऱ्याला लोक बोलावून फेटा बांधतात. माझं पुस्तक बरं झालेला माणूस आधी रद्दीत घालतो, तेही वरचं पान फाडून. रस्त्यात ओळख दाखवत नाही. आणि जे बरे झाले नाहीत, त्यांचे फोन एकेक करून नुसतेच थांबले. त्यांचं काय झालं हे मला माहीत नाही, आणि याची रुखरुख मला अजून आहे.

पण सांगायचं होतं ते काष्टीचं.

माझ्या कार्डावर नावाखाली 'लेखिका, सेल्फ हेल्प' असं छापलेलं आहे. प्रकाशकाची हौस. एक दिवस दौंड रस्त्यावरच्या काष्टीहून फोन आला. "मी संगीता बोलते, बचत गटाची अध्यक्ष. ताई, तुमी सेल्फ हेल्पवाल्या ना? आमच्या बायकांना मार्गदर्शन पायजे. गट लई ढेपाळलाय." मला वाटलं, वा! गावातल्या बायका आता या विषयावर बोलायला लागल्या. मी ताबडतोब हो म्हटलं, आणि ठरल्या दिवशी दौंडच्या एस.टी.त बसले.

समाजमंदिरात सतरंजीवर बायका दाटीवाटीनं बसल्या होत्या. मला नारळ दिला, शाल दिली. मी बोलायला उभी राहणार एवढ्यात पुढच्या एकीनं हात वर केला. "ताई, शेवयाच्या मशीनला सबशिडी किती मिळती ते आधी सांगा." दुसरी म्हणाली, "आन पापडाच्या पॅकिंगचं." माझ्या डोक्यात तेव्हा लख्ख उजेड पडला. सेल्फ हेल्प ग्रुप म्हणजे बचत गट! बँकेत, पंचायत समितीत सगळीकडे हाच शब्द. या बायांनी मला बचत गटवाली समजून बोलावलं होतं.

खोटं बोलून वेळ मारून नेता आली असती. मी सरळ सांगितलं, "बायांनो, घोटाळा झालाय. मी प्रेमात मोडतं ना, ब्रेकअप होतो, त्यावर पुस्तकं लिहिते."

 मागून एक म्हातारी ओरडली, "अगं बया! आमाला करायलाच कुठं मिळालं, मोडायचं काय!" आणि समाजमंदिर हसून हसून लोळलं. मीही हसले. मार्गदर्शन तिथंच संपलं, पुढं नुसता चहा आणि भेळ.

संगीता मात्र हसली नव्हती. पंचेचाळिशीची, सडपातळ, पदर खोचून सगळीकडे धावणारी बाई. तिनं मला बाजूला ओढलं. "ताई, म्हंजी 'मोडलं तर मोडलं' तुमचंच का?"

"हो."

"आमच्या पूजाच्या गादीखाली हुतं. तुमचा नंबर मला तिनंच दिला, सेल्फ हेल्पवाल्या ताई म्हनून." पूजा तिची मुलगी, नर्सिंगला होती. तिनं नंबर चुकून दिला की समजून उमजून, हे मी कधी विचारलं नाही. संगीता बोलतच होती. "तिचा साखरपुडा झालाता, हितंच, शेजारी. कमलच्या गणेशसंगं. पोरीनं मोडला. म्हनती, 'आई, मला सासू पसंत हाय, नवरा न्हाई.' तुमच्या पुस्तकात हाय म्हनं, साखरपुडा म्हंजी लग्न न्हवं."

आहे. तिसरं प्रकरण. मी मनात म्हटलं, आता शाल परत मागतेय की काय ही बाई.

"पोरीनं केलं ते बरूबर केलं," संगीता म्हणाली. "त्याचं मला काय न्हाई. पन ताई, माझी कमल गेली हो."

आणि मग ती रडली. मी आयुष्यात पुष्कळ रडणं पाहिलंय, पण एका बाईनं मैत्रिणीसाठी असं रडलेलं पहिल्यांदाच पाहत होते. दोघी एकाच साली लग्न होऊन या वस्तीवर आल्या. भिंतीला भिंत लागून घरं. संगीताचं ऑपरेशन झालं तेव्हा कमलनं तिच्या गाई पिळल्या, तिच्या पोरांची वेणीफणी केली. गट दोघींनी मिळून काढला, शेवयाचं मशीन कमलच्या ओट्यावर, पीठ संगीताच्या घरात. सोयरीक ठरली तेव्हा पोरांपेक्षा या दोघीच जास्त खूश होत्या. आणि मोडल्यापासून कमल तोंडातून शब्द काढत नव्हती. मशीनवर ताडपत्री, गट ढेपाळलेला.

"नवराबायकोचं लिवता, पोरापोरीचं लिवता. मैतरणीचं काय लिवलंय का?"

नव्हतं लिहिलं. इतक्या वर्षांत सुचलंसुद्धा नव्हतं.

"मोडलं ते तुम्ही कमलताईंना कसं सांगितलं?" मी विचारलं. माझा नेहमीचा प्रश्न.

"रीतीपरमानं. मध्यस्थाला निरोप धाडला. ज्यानं जुळवलं त्यानंच सांगायचं आस्तं." ती डोळे पुसत म्हणाली, "तुमी चला माझ्यासंगं. तुमी लेखिका, तुमच्या शब्दाला वजन हाय. माझं ती आयकून घ्यायची न्हाई."

शब्दाला वजन आहे म्हटल्यावर कुठला लेखक मागं राहील? मी शाल सावरली आणि निघाले.

कमल ओट्यावर गहू निवडत होती. ठसठशीत बाई, कपाळावर मोठं कुंकू. आम्हाला बघून उठली. मला पाट दिला, पाणी दिलं. संगीतालाही तांब्या दिला, पण हातात नाही, मध्ये जमिनीवर ठेवला आणि मला म्हणाली, "त्यास्नी म्हनावं, पानी घ्या."

 शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं. आपल्याकडे राग कुठवर गेलाय हे शिवीवरून कळत नाही, मान दिल्यावर कळतं. जिला इतकी वर्षं 'अगं' म्हटलं, तिला 'त्यास्नी'? काउंटरवर बसणाऱ्या मुली नवऱ्यामुलाला 'तो मेला' म्हणायच्या तोवर मला आशा असायची. 'त्यांनी जे केलं ते योग्यच' म्हणायला लागल्या, की मी समजायची, संपलं.

मी माझं भाषण सुरू केलं. पोरांचं पोरांपाशी, आपण मोठ्यांनी मन मोठं करावं, वगैरे. कमलनं सगळं ऐकून घेतलं. सूप खाली ठेवलं.

"मॅडम, सोयरीक मोडली त्याचा मला राग न्हाई. आमचं पोरगं चार दिस जेवलं न्हाई, आता हिंडतंय टेम्पो घिऊन. पोरीला न्हवता पसंत, न्हवता. पन मला सांगा, ही भित बघा. हिकडं मी खोकले तर तिकडं आयकू जातं. आन निरोप कुनी आनला? मध्यस्थानं. फटफटीवरनं आला. मी हितंच बसलेवते. म्हनला, 'त्यांचं न्हाई म्हननं हाय.' मला कळंना, कुनाचं? मी म्हनलं, कोन त्या? तर त्यानं बोट दाखवलं, ह्या भितीकडं."

संगीता मान खाली घालून मला म्हणाली, "ताई, तिला म्हनावं रीत हाय ती. माझी छाती झाली न्हाई सोता सांगायची."

"रीत परक्याला आस्ती," कमल मलाच म्हणाली. "म्या परकी हुते व्हय? पोरांनी सोयरीक मोडली. मैतरकी मोडली ती ह्यांनी, त्या फटफटीवाल्याला धाडून. आन आताबी बघा."

"आता काय?" मी विचारलं.

"आताबी मध्यस्थच आनलाय की. नगरचा."

मी खरोखर मागं वळून पाहिलं, कोण आलंय ते. दारात कुणी नव्हतं. मग माझ्या टाळक्यात प्रकाश पडला. खांद्यावर शाल, हातात नारळ. शोभत होते अगदी!

मी उठले. "माझी गाडी आहे," म्हटलं. त्या वेळेला कुठलीच गाडी नव्हती, हे दोघींनाही माहीत होतं. संगीतानं माझा पदर धरला. "ताई, तुमी जाऊ नका, मला एकटीला..." मी तिची बोटं सोडवली. एवढं एकच काम त्या दिवशी मी नीट केलं.

बाहेर येऊन रस्त्याकडेला बाभळीखाली उभी राहिले. आत काहीच ऐकू येईना.  आता संगीता रडत बाहेर येणार, आणि मग हे कायमचंच. माझ्या पुस्तकानं एक साखरपुडा मोडला तो मोडला, हे मात्र मला सोसलं नसतं. मी स्वतःशीच म्हणत होते, बोला गं बायांनो, काहीतरी बोला.

आणि मग आतून कमलचा आवाज फुटला. "अगं ए भवाने! जीभ झडलीवती व्हय तुझी? यवढी भितीवर थाप मारली असतीस तरी म्या आले असते की!" त्यावर संगीताचा आवाज, तितकाच चढा, "आन तू? तू कितींदा थाप मारलीस? मी रोज रातीचं आयकत हुते, तू झोपली न्हाईस ते!" मग दोघी एकदम बोलायला लागल्या. काय ते कळेना, पण सगळं 'अगं-तुगं'त चाललं होतं. गल्लीतली दारं उघडली, पोरं गोळा झाली. मी स्टँडकडे चालायला लागले.

नंतर प्रकाशकांना मी म्हटलं, मैत्रिणी तुटतात त्यावर पुस्तक करू. ते खूश झाले. विषय नवीन, शंभर पानं तरी द्या म्हणाले. मी बसले लिहायला. 'स्वतः जा' एवढं लिहिलं आणि पुढं चार पानंसुद्धा होईनात. तो विषय अजून तसाच पडून आहे. माझ्या धंद्यात दूर कसं व्हायचं हे मला पाठ आहे. परत कसं जायचं ते शिकायचं राहिलं.

आठवड्याभरानं संगीताचा फोन आला. मागं घरघर ऐकू येत होती.

"काय संगीता, बोलतात का कमलताई?"

"बोलती कुटली? शिव्या देती. सकाळधरनं चाललंय. पीठ घट भिजवलं म्हनून आत्ताच माझा उद्धार केला." मागून कमल काहीतरी ओरडली आणि संगीता हसली.

मला इतकं बरं वाटलं, की मी म्हणून गेले, "मग येऊ का एकदा तुमच्या गटाला भेटायला? या वेळी बचत गटाची माहिती घेऊन येते."



"न्हाई ताई," संगीता म्हणाली. "शेवया धाडते तुमाला. तुमी मातूर येऊ नका."